तलवार कुणाची ते नंतर, आधी दाणा कुणाचा ते सांगा

वाचकांचे प्रश्न

मागच्या अंकात आम्ही विचारलं होतं की लढवय्यांची साम्राज्यं, खरी असोत नायतर कादंबरीतली नायतर गेममधली, त्याबद्दल तुम्हाला काय विचारायचंय. पत्रं भरपूर आली, व्हॉट्सॲपवर तर रात्री बारापर्यंत येत होती. सगळ्यांना जागा देता येत नाही, तर ज्या प्रश्नांत जास्त जीव होता ते घेतलेत.

मी इंजिनिअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला आहे, एक फँटसी कादंबरी लिहायला घेतलीय. त्यात एक साम्राज्य आहे, तिथं झाडून सगळे योद्धे, शेतकरी नाय व्यापारी नाय, पोरगं सात वर्षांचं झालं की हातात तलवार. मित्र म्हणतोय असलं राज्य चार दिवस टिकत नसतंय. मी म्हणतो जुन्या ग्रीसमधलं स्पार्टा होतंच की. कोण बरोबर?
– एक विद्यार्थी, राजारामपुरी

भावा, मित्र बरोबर आहे, पण स्पार्टाचं नाव काढलंस ते बरं झालं कारण उत्तर त्यातच आहे.

आधी आपल्या इथलं बघ. आमच्या गल्लीजवळच्या तालमीत एक पोरगं राहायला आलंय, गाव राधानगरीकडं. पहाटे चारला उठून जोर-बैठका, मग लाल मातीत लढत, दुपारी झोप, संध्याकाळी परत मेहनत. त्याच्या घरी दोन म्हशी आहेत आणि त्यांचं दूध जवळपास सगळं त्याच्याच वाट्याला, तूप बदाम थंडाई वेगळी. आई पहाटे धारा काढते, बाप एसटीनं किटली घेऊन येतो, थोरला भाऊ ऊस बघतो. मैदानात एकटा पोरगा दिसतो, पण त्याच्या मागं अख्खं घर राबतंय म्हणून तो तिथं उभा आहे. आता सगळ्या घरादारानं लंगोट लावला तर धारा कोण काढणार?

स्पार्टात धारा काढणारे होते, त्यांचं नाव हेलॉट. स्पार्टानं शेजारचा मेसेनिया जिंकला आणि तिथल्या माणसांना जमिनीला बांधून टाकलं, पेरायचं त्यांनी, कापायचं त्यांनी आणि ठरलेला वाटा स्पार्टन मालकाकडं पोचवायचा. सात वर्षांचं पोरगं घरातून उचलून छावणीत नेत होते हे खरं, पण ते पोरगं मोठं होईपर्यंत जेवलं ते हेलॉटच्या घामावर. इ.स.पू. ४७९ ला प्लाटियाच्या लढाईत किती माणसं होती त्याचा ग्रीक इतिहासकार हिरोडोटसनं आकडा दिलाय, स्पार्टन नागरिक ५,००० आणि त्यांच्याबरोबर हेलॉट ३५,०००, म्हणजे एकामागं सात. हा तर नुसता रणांगणावरचा हिशोब, शेतावर राहिलेले निराळे. आणि एवढी माणसं दाबून ठेवायची म्हणजे भीती आलीच, नंतरचा ग्रीक चरित्रकार प्लुटार्क सांगतो की दरवर्षी नवे अधिकारी आले की हेलॉटांविरुद्ध रीतसर युद्ध पुकारायचे, का तर त्यांना मारलं तरी पाप लागू नये. म्हणजे ज्याच्या हातचं खायचं त्याच्याशीच दरवर्षी युद्ध, हे वाचलं की मला थर्मोपिलीच्या लढाईतल्या ३०० स्पार्टन वीरांची गोष्ट पहिल्यासारखी ऐकवत नाही.

अजून एक गोष्ट तुझ्या कादंबरीला कामाची आहे. प्रत्येक स्पार्टनानं आपल्या भोजनमंडळाला दर महिन्याला जव, वाइन, चीज, अंजीर असा वाटा द्यायचा असायचा, जो देऊ शकला नाही त्याचं नागरिकत्व गेलं. जमिनी थोड्या घरांत गोळा होत गेल्या तसे वाटा न देऊ शकणारे वाढले आणि पूर्ण स्पार्टन कमी होत गेले. इ.स.पू. ३७१ ला ल्युक्ट्राच्या लढाईत जेमतेम ७०० स्पार्टन नागरिक होते, त्यातले ४०० पडले, आणि दोन वर्षांत मेसेनिया स्वतंत्र झाला. तो गेल्यावर स्पार्टा परत कधी उठला नाही. तलवारी होत्याच की, जव पिकवणारे गेले.

कल्पित जगातसुद्धा ज्यांनी नीट विचार केलाय त्यांनी हे टाळलेलं नाही. स्टार ट्रेक या अंतराळाच्या मालिकेतली क्लिंगॉन जमात घे, सगळ्यांना ते फक्त लढणारेच वाटतात, पण २००३ च्या एका भागात एक म्हातारा क्लिंगॉन वकील सांगतो की माझा बाप शिक्षक होता, आई जीवशास्त्रज्ञ होती, आमच्यात सगळेच योद्धे नव्हते, योद्ध्यांनी पुढं सगळं बळकावलं. त्या एका बोलण्यानं अख्खी जमात खरी वाटायला लागते. म्हणून सांगतो, तुझ्या साम्राज्यात शेतकरी नाहीत असं लिहू नकोस, ते आहेत पण योद्ध्यांना ते दिसत नाहीत असं लिही, आणि एक प्रकरण त्यांच्यातल्या एखाद्या बाईच्या तोंडून येऊ दे, जात्यावर बसलेली असेल ती.

माझा मुलगा दहावीला आहे, रात्री रात्री एज ऑफ एम्पायर्स खेळतो. ओरडलं की म्हणतो आई मी इतिहास शिकतोय. खरंच काही शिकतो का हा की मला गुंडाळतोय?
– एक आई, शाहूपुरी

ताई, थोडं शिकतोय. दहावीचं वर्ष आहे तर वेळेचं तुम्ही बघालच, मी गेमचं सांगतो.

१९९९ चा एज ऑफ एम्पायर्स टू आजपण पोरं खेळतात आणि त्यातली सगळ्यात खरी गोष्ट म्हणजे सुरुवात. हातात सैन्य नसतं, तीन गावकरी आणि एक टेहळ्या असतो. गावकऱ्यांनी आधी मेंढरं, बोरं गोळा करायची, मग लाकूड, मग शेत, एक नवा गावकरी तयार करायला ५० अन्न लागतं. एकूण माणसांची मर्यादा सहसा २०० असते आणि चांगले खेळणारे त्यातली निम्मी जागा गावकऱ्यांनाच देतात. नवखं पोरगं पहिल्या पाच मिनिटांत घोडेस्वार काढायला बघतं आणि हरतं. म्हणजे राज्य शेतावर उभं राहतं हे त्याच्या बोटांना कळलंय, पुस्तकातून कळायला वेळ लागला असता.

पण दोन गोष्टी त्या गेममध्ये साफ खोट्या आहेत, त्या त्याला जेवताना सांगा. एक म्हणजे सैनिक तयार करताना एकदा अन्न दिलं की संपलं, नंतर तो जन्मभर काही खात नाही, घोड्याला वैरण लागत नाही, पाऊस नाही, आजारपण नाही. टोटल वॉर किंवा सिव्हिलायझेशनसारख्या गेममध्ये निदान दर पाळीला फौजेचा खर्च वजा होतो, तिथं मोठं सैन्य नुसतं उभं करून ठेवलं तरी खजिना रिकामा होतो, ते जास्त खऱ्याच्या जवळ आहे. दुसरी गोष्ट झाडं. पोरं अख्खं जंगल तोडून टाकतात आणि कुणी विचारत नाही हे झाड कुणाचं. आपल्या आज्ञापत्र या राज्यकारभारावरच्या जुन्या मराठी ग्रंथात रामचंद्रपंत अमात्यांनी आरमाराच्या लाकडाबद्दल लिहिताना स्पष्ट सांगितलंय की आंबा-फणसाच्या झाडांना हात लावू नये, ही झाडं वर्षा-दोन वर्षांत होत नाहीत, रयतेनं लेकरासारखी वाढवलेली असतात, अगदीच जीर्ण झाड असलं तर मालकाला राजी करून, पैसे देऊन तोडावं. हे मुलाला वाचून दाखवा आणि विचारा तुझ्या गेममध्ये हा नियम घातला तर काय होईल? माझा अंदाज आहे तो तासभर बोलेल.

मंगोलांना कुठं शेती लागत होती? घोड्यावर राहिले आणि जग जिंकलं.
– एक वाचक, इचलकरंजी

जिंकताना नाही लागली, हे बरोबर. घोडीचं दूध, मांस, एकेका स्वाराकडं बदलायला तीन-चार घोडी, १२०६ ला चंगीझ सगळ्यांचा खान झाल्यावर दहा-शंभर-हजार-दहा हजार अशी बांधलेली फौज. पण उत्तर चीन हातात आल्यावर काही सरदार म्हणायला लागले की ही शेतं मोडून कुरणं करूया. तेव्हा येलू चुत्साई नावाच्या मंत्र्यानं चंगीझच्या मुलाला, ओगेदेईखानाला, हिशोब करून दाखवला की हीच माणसं पेरत राहिली आणि तुम्ही कर घेतला तर दरसाल चांदी, रेशीम, धान्य किती येईल. खानानं ते ऐकलं म्हणून लाखो माणसं वाचली. मला वाटतं मंगोल इतिहासातली ही मोठी लढाई आहे आणि ती एका कारकुनानं जिंकली.

मी सैन्यातून निवृत्त झालो, आमच्या भागात घरटी एक माणूस फौजेत आहे. जपानच्या सामुराई योद्ध्यांबद्दल बरंच ऐकतो. पण त्यांच्याकडं अडीचशे वर्षं लढाईच नव्हती म्हणतात. मग एवढे लढवय्ये लोक करत काय होते?
– निवृत्त सुभेदार, शिरोळ तालुका

सुभेदार साहेब, तुम्ही विचारलंत तो प्रश्न मला सगळ्यात जवळचा वाटला, कारण लढवय्या राज्याची खरी परीक्षा लढाई थांबल्यावरच होते.

१५८८ ला जपानचा तेव्हाचा सत्ताधीश हिदेयोशीनं शेतकऱ्यांच्या घरातल्या तलवारी गोळा केल्या, शेतकरी शेतात आणि सामुराई किल्ल्याखालच्या गावात अशी रेघ मारली. १६०० ची सेकिगाहाराची लढाई जिंकून १६०३ ला तोकुगावा घराण्याचं राज्य आलं ते १८६८ पर्यंत. सुरुवातीचा १६१४-१५ चा ओसाकाचा वेढा आणि एकदोन बंडं सोडली तर मधल्या काळात मोठी लढाई नाही. सामुराई आणि त्यांची कुटुंबं मिळून लोकसंख्येच्या साधारण पाच-सहा टक्के. त्यांना जमिनीऐवजी तांदूळ मिळायचा, कोकू या मापात, एक कोकू म्हणजे एका माणसाला वर्षभर पुरेल एवढा, आपल्या हिशोबानं दीडशे किलोच्या आसपास. मोठ्या सरदाराची पत पण कोकूतच मोजायचे, तलवारी किती यावर नाही.

मग हे करत काय होते तर कारकुनी. सारा लिहिणं, कालव्यांची कामं बघणं, दरवाजावर पहारा, निवाडे. कमरेला दोन तलवारी आणि समोर वही. वरच्यांचं बरं चाललं पण खालच्या सामुराईचा तांदूळ पिढ्यान्‌पिढ्या तेवढाच राहिला आणि शहरातली महागाई वाढत गेली, मग येणाऱ्या वर्षाचा तांदूळ आधीच दलालाकडं गहाण टाकून पैसे उचलायचे. कित्येक घरांत बाप आणि पोरं रात्री बसून छत्र्या तयार करून विकायचे, बांबूच्या काड्या तासायच्या, त्यावर कागद चिकटवायचा. भिंतीवर आजोबांची तलवार, जमिनीवर छत्रीचा डिंक. त्यात लाज नव्हती असं मी म्हणेन, पण त्यांना ती वाटायची, कारण लहानपणापासून सांगितलं होतं की हातानं काम करणारा खालचा.

शेवट तर फार दुखरा. १८७३ ला नव्या सरकारनं सक्तीची सैन्यभरती आणली, १८७६ ला तांदळाची तैनात बंद करून हातात रोखे दिले आणि त्याच वर्षी तलवार बाळगायला बंदी केली. १८७७ ला दक्षिणेतल्या सात्सुमा प्रांताचे सामुराई उठले आणि त्यांना हरवलं ते ह्याच भरतीत आलेल्या शेतकऱ्यांच्या पोरांनी, बंदुका घेऊन.

तुमच्याकडं निवृत्त जवान परत शेतात उतरतात, दूध संस्थेत, सोसायटीत काम बघतात, गावातल्या पोरांना पहाटे पळवून भरतीची तयारी करून घेतात. सामुराईला परतायला शेतच ठेवलेलं नव्हतं. माझ्या मते हाच फरक आहे, आणि तो छोटा नाही.

गेममध्ये, परदेशी व्हिडिओत मराठे म्हणजे नुसते धाड टाकणारे घोडेस्वार दाखवतात. आपलं राज्य पण असंच फक्त लढवय्यांचं होतं का? खरं खरं सांगा.
– एक कॉलेज विद्यार्थिनी, गडहिंग्लज

खरं खरंच सांगतो आणि जरा लांब सांगतो.

लढवय्यांचं होतं का, तर हो. महाराजांच्या अष्टप्रधानांत पंडितराव आणि न्यायाधीश सोडले तर बाकीच्यांना वेळ पडली की मोहिमेवर जावं लागायचं. पण नुसतं लढवय्यांचं होतं का, तर अजिबात नाही, आणि ह्याचा पुरावा म्हणून मी कुठली लढाई सांगणार नाही, एक पत्र सांगतो. राज्याभिषेकाच्या आगेमागे चिपळूणजवळ घोडदळाची छावणी पडली होती, पावसाळ्याच्या तोंडाला. तिथल्या जुमलेदार-हवालदारांना महाराजांचं पत्र गेलं. त्यात काय आहे तर दाणा आणि वैरण बेतानं वापरा, आत्ताच उधळली तर ऐन पावसात संपेल, घोडी उपाशी मरतील आणि ती तुम्हीच मारलीत असं होईल. मग तुम्ही कुळांच्या घरात शिराल, कुणाचे दाणे, कुणाची भाकरी, कुणाचं गवत, कुणाची भाजी उचलाल, आणि रयत म्हणेल ह्यांच्यापेक्षा मोगल परवडला. पुढं तर इतकं बारीक लिहिलंय की अंगावर काटा येतो, रात्री दिवा जळता ठेवू नका, उंदीर पेटती वात तोंडात धरून नेईल, गवताला आग लागेल आणि पागा जळेल. आता सांग, ज्या राजाला उंदीर आणि वात दिसते त्याच्या राज्याला धाडवाल्यांचं राज्य कसं म्हणायचं? जमीन मोजायला काठी ठरवून दिली होती, पाच हात पाच मुठी. स्वार दोन तऱ्हेचे, सरकारच्या घोड्यावरचा बारगीर आणि स्वतःचं घोडं आणणारा शिलेदार, आणि पगार शक्यतो रोख, जहागीर नाही, कारण जहागीर दिली की तो सरदार त्या गावाचा राजा होतो हे त्यांना कळत होतं.

आणि आपला दसरा बघ. सीमोल्लंघन दसऱ्यालाच का? पाऊस संपलेला, नद्या उतरलेल्या, वाटा सुकलेल्या आणि खरिपाचं पीक हाताशी आलेलं. बरेचसे मावळे पावसाळ्यात नांगराला आणि दसऱ्यानंतर भाल्याला, एकच माणूस. दसरा चौकात सोनं लुटताना हे मला दरवर्षी आठवतं.

पण पुढं काय झालं ते पण सांगायला पाहिजे. राजाराम महाराज जिंजीला होते त्या काळात राज्य वाचवायला वतनं, सरंजाम द्यावे लागले, दुसरा मार्गच नव्हता, मोगल पण तेच आमिष दाखवत होता. हे सगळं ज्यांनी जवळून बघितलं त्या रामचंद्रपंतांनी नंतर १७१५ च्या सुमारास, आपल्या कोल्हापूरच्या संभाजी महाराजांच्या काळात, आज्ञापत्र लिहिलं आणि त्यात सांगितलं की वतनदार हे राज्याचे दायाद आहेत म्हणजे भाऊबंदासारखे वाटेकरी, त्यांना सांभाळून घ्या पण माजू देऊ नका. त्याच ग्रंथात सावकार-व्यापाऱ्यांना राज्याची शोभा म्हटलंय, त्यांना बोलावून पेठा वसवा म्हटलंय. तलवारीच्या राज्यातला माणूस हे लिहितोय. आपल्या मातीत लिहिलेला हा ग्रंथ कोल्हापुरातल्या किती घरांत आहे हा विचार मला खरंच छळतो.

आणि पानिपत. १४ जानेवारी १७६१ आपण सगळे जाणतो, पण त्याच्या आधीचे दोन-अडीच महिने कुणी बोलत नाही. अब्दालीनं वाटा तोडल्या, रसद बघणारे गोविंदपंत बुंदेले डिसेंबरमध्ये मारले गेले, छावणीत माणसं आणि जनावरं उपाशी, शेवटी सरदार भाऊसाहेबांकडं गेले की असं भुकेनं मरण्यापेक्षा लढून मरू. एवढे शूर लोक, एवढा तोफखाना, आणि त्यांना मैदानात ढकललं ते भुकेनं. गेममध्ये पानिपत खेळताना सकाळी दोन्ही बाजूंचे घोडे ताजेतवाने उभे असतात, ते बघून मला वाईट वाटतं.

माझा मित्र आणि मी वहीवर साम्राज्याचा खेळ बनवतोय, फाशानं खेळायचा. सैनिक, किल्ले, घोडे सगळं आहे. नियम काय काय ठेवू?
– आठवीतला विद्यार्थी, शिवाजी पेठ

अरे व्वा, हे तर सगळ्यात भारी. चिंचोके घे. दर पाळीला शेतकरी दोन चिंचोके देतो, सैनिक एक खातो, घोडा दोन खातो. चिंचोके संपले की सैनिक पळून जातो, फासा टाकायचाच नाही. चार पाळ्या पावसाळा ठेव, तेव्हा कुणी हलायचं नाही. आणि एक पत्ता असा ठेव की पावसात पण शत्रू वेढा उठवत नाही, कारण १६६० ला सिद्दी जौहरनं पन्हाळ्याला तेच केलं, सगळ्यांना वाटलं पाऊस पडला की जाईल, तो छावणीवर छपरं घालून बसला, मार्चपासून जुलैपर्यंत, आणि मग १२ जुलैच्या त्या रात्री महाराजांना भर पावसात विशाळगडाकडं निघावं लागलं.

किल्ल्यात किती चिंचोके मावतात हे ठरवायच्या आधी एका रविवारी घरच्यांबरोबर पन्हाळ्याला जा आणि सज्जा कोठीवर फोटो काढून झाले की अंबरखान्यात, म्हणजे धान्याच्या कोठारात जा. गंगा, यमुना, सरस्वती अशा तीन कोठ्या आहेत, गंगा सगळ्यात मोठी, पंचवीस हजार खंडी (हे जुनं माप) धान्य मावायचं म्हणतात. बाहेरून जिने थेट छतावर जातात, पोती डोक्यावर घेऊन माणसं तिथून चढायची. आत गेलास की गार लागेल, आवाज घुमेल, मान वर करून बघ, छताला भोकं आहेत, त्यातून दाणा खाली ओतायचे. सोळा खण आहेत, मोज. खेळ तयार झाला की नियमांचं पान आम्हाला पाठव, पुढच्या अंकात छापू.